अमेरिकेतला फकीर आणि आमच्या वर्गातला

अमेरिकेत एक गोरा माणूस होऊन गेला. १९३० साली साउथ डकोटा राज्यातल्या अ‍ॅबर्डीन गावात जन्मला. आईबापांनी ठेवलेलं नाव रोलंड लूमिस. काही काळ फौजेत होता, पुढे कॅलिफोर्नियात जाहिरातीच्या धंद्यात राहिला. दिवसा कोट-टाय लावून हापिसात बसणारा हा माणूस पोरवयापासून घरच्यांची नजर चुकवून स्वतःच्या अंगाला सुया टोचत होता, कंबर करकचून आवळत होता आणि त्या अवस्थेतले स्वतःचे फोटो स्वतःच काढत होता. सत्तरच्या दशकाच्या शेवटी तो उघडपणे लोकांसमोर आला तेव्हा त्याने नवं नाव घेतलं, फकीर मुसाफर.

हे नाव आम्हाला आमच्या भाच्याने सांगितलं. तो नाशिकला फोटोग्राफी शिकतो. सुटीच्या दिवशी देवळाली कॅम्पात आमच्याकडे येतो आणि जेवण झालं की लॅपटॉप उघडून बसतो. "मामू, हे पाहा, अमेरिकेत आपला माणूस!" असं म्हणून त्याने पडदा आमच्याकडे वळवला. पडद्यावर एक उघडा माणूस होता. छातीच्या कातडीत आकडे, आकड्यांना दोर, डोळे मिटलेले. आमच्या घरातून "तौबा" एवढाच शब्द आला आणि ताटं उचलली गेली.

भाच्याला खरा रस होता तो असे फोटो काढणाऱ्यात, चार्ल्स गेटवुडमध्ये. हा गेटवुड १९४२ साली जन्मला आणि २०१६ साली सॅन फ्रान्सिस्कोत वारला. १९६६ साली स्टॉकहोममध्ये त्याने बॉब डिलन या गायकाचा फोटो काढला आणि तिथून त्याची गाडी सुरू झाली. पण नामवंतांच्या मागे धावण्यापेक्षा चारचौघांना नकोशा वाटणाऱ्या माणसांकडे तो वळला. अंगभर गोंदवून घेतलेले, नाकाओठांत कड्या घातलेले, शरीर टोचून घेणारे, जत्रांतले नंगेधडंगे. १९७५ साली त्याचं ‘साइडट्रिपिंग’ हे पुस्तक निघालं. १९८५ साली एक माहितीपट आला, त्यात गेटवुड आणि फकीर मुसाफर दोघेही आहेत. मुसाफर त्यात छातीत आकडे अडकवून, तिथल्या आदिवासींच्या सूर्यनृत्याच्या धर्तीवर, दोराला अंग झोकून देतो. पुढे १९८९ साली ‘मॉडर्न प्रिमिटिव्ह्ज’ या नावाचं एक जाड पुस्तक निघालं आणि तोवर गल्लीबोळात लपून चाललेली ही गोष्ट कॉलेजच्या पोरांपर्यंत पोहोचली. मुसाफरने १९९१ पासून अंग टोचण्याचे चक्क वर्ग सुरू केले. आम्ही बी.एड. आहोत म्हणून विचारलं, त्याला पाठ टाचण काढावं लागत असेल का? भाचा हसला नाही.

गेटवुडचे फोटो आता बर्कलीच्या विद्यापीठाच्या ग्रंथालयात जपून ठेवले आहेत. ज्यांना एके काळी कुणी दारात उभं केलं नाही त्यांच्यावर आता संशोधन होतं. ठीक आहे. आमच्या मनात मात्र दुसरीच गोष्ट अडकून राहिली होती. या गोऱ्या माणसाने नाव घेतलं ते फकीर मुसाफर. ‘रिप्लेज बिलिव्ह इट ऑर नॉट’ या नवलाच्या सदरात त्याने एका सूफीची हकिकत वाचली होती. तो सूफी म्हणे अंगात खंजीर आणि काय काय खुपसून १८ वर्षं हिंडला. हे नाव त्याने उचललं आणि २०१८ साली मरेपर्यंत मोठ्या अभिमानाने मिरवलं.

आमच्या वर्गात मात्र याच शब्दाने एक मुलगा रडत होता.

त्याचं नाव इथे देत नाही. सातवीतला मुलगा, आडनाव शाह, घर भगूरच्या वाटेवर. हिशेबात हुशार, इमल्यात कच्चा. वर्गातली मुलं त्याला "ए फकीर" म्हणून हाक मारत. तोपर्यंत तो सहन करत होता. अजमेरच्या उर्साच्या दिवसांत एका वर्तमानपत्रात रंगीत फोटो छापून आला. हिरवा फेटा बांधलेला एक माणूस, गालातून आरपार सळई. फोटो त्याच्या वडिलांचा नव्हता, भलत्याच कुणाचा होता. पण कुण्या पोराने तो कापून फळ्याला चिकटवला आणि खाली खडूने मुलाचं नाव लिहिलं. दुसऱ्या दिवसापासून तो शाळेत येईना.

स्टाफरूममध्ये चर्चा झाली ती मुलाची नाही, सळईची. एक जनाब म्हणाले, हे सगळं बिदअत आहे, दीनमध्ये याला कुठे जागा आहे? दुसरे म्हणाले, अशाच फोटोंमुळे आपली बदनामी होते, पेपरवाल्यांना मुसलमान म्हटला की हाच दिसतो. दोघांचंही म्हणणं आम्हाला काही अंशी पटतं, हे लपवत नाही. अंग गोंदवणारीवर आणि गोंदवून घेणारीवर लानत असल्याची हजरत अब्दुल्लाह इब्ने मसूद यांची रिवायत बुखारी शरीफमध्ये आहे, ती आम्ही लहानपणीच मदरशात ऐकली. अल्लाहने घडवलेल्या शरीरात फेरफार करू नये हा इशारा सूरह निसामध्ये आहे. पण मुलींचे कान टोचणं आपल्याकडे बहुतेक उलेमांनी जायज मानलं, आणि खतना तर आपली ओळखच आहे. म्हणजे शरीराला हात लावायचा की नाही हा सवाल नाही, कुठे थांबायचं हा सवाल आहे. ती रेषा प्रत्येक समाज आपापली आखतो आणि शेजाऱ्याच्या रेषेला हसतो.

शेजारी तरी किती! वाईजवळच्या बावधनला रंगपंचमीला बगाड निघतं. पूर्वी अशा नवसात पाठीच्या कातडीत लोखंडी गळ टोचून माणसाला लाकडावर टांगत. इंग्रज सरकारने ते बंद करायला लावलं, आता बगाड्याला दोराने बांधतात. म्हणजे मुसाफरने छातीत आकडे घालून जे केलं ते आमच्या सातारा जिल्ह्यातल्या शेतकऱ्यांना नवीन नव्हतं. इगतपुरी, त्र्यंबककडच्या आदिवासी म्हाताऱ्यांच्या हातावर, कपाळावर हिरवं गोंदण आम्ही बाजाराच्या दिवशी नेहमी पाहतो. आणि आमचा कॅम्प तर तोफखान्याचा. भरतीला आलेल्या पोरांचे हात इथे तपासले जातात. कायमचं गोंदण फक्त कोपरापासून मनगटापर्यंत हाताच्या आतल्या बाजूला आणि पंजाच्या पाठीवर चालतं, बाकी अंगावर असेल तर पोरगा बाद. आदिवासींना मात्र त्यांच्या रिवाजानुसार सूट आहे. सरकारी कागदात एवढी समजूत क्वचितच सापडते. हौसेने दंडावर नाव कोरून घेतलेली पोरं रडत परत जाताना आम्ही पाहिली आहेत.

पण आम्ही फकिराविषयी सांगत होतो.

फकीर हा शब्द फक्रपासून आला. फक्र म्हणजे गरज, मोहताजी. जो फक्त अल्लाहचा मोहताज तो फकीर. यात सुई कुठेच नाही. सुई आली ती रिफाई सिलसिल्यातून. हजरत शेख अहमद रिफाई बाराव्या शतकात इराकमध्ये, वासित आणि बसरा यांच्यामधल्या दलदलीच्या मुलखात राहिले आणि ११८२ च्या सुमारास वारले. ते नम्रतेसाठी प्रसिद्ध होते. अंगाराचे आणि शस्त्रांचे खेळ त्यांच्या मागून सिलसिल्यात शिरले असं अनेक अभ्यासक मानतात. इब्ने बतूता १३२७ साली त्यांच्या खानकाहवर गेला तेव्हा दरवेश निखाऱ्यात लोळत होते. त्याच्या आधी, १३०५ साली, दमास्कसमध्ये इमाम इब्ने तैमिया यांनी रिफाई दरवेशांना भर दरबारात आव्हान दिलं, की मीही तुमच्याबरोबर आगीत उतरतो, पण आधी दोघांनीही सिरक्याने आणि गरम पाण्याने अंग धुवायचं. त्यांना संशय होता की हे लोक अंगाला काहीतरी लावून येतात. दरवेश तयार झाले नाहीत. आमच्या स्टाफरूममधला वाद सातशे वर्षांचा आहे, हे आम्ही तिथे सांगितलं. जनाबांना ते फारसं आवडलं नाही.

हा सिलसिला दख्खनमध्ये केव्हाच रुजला होता. जाफर शरीफ यांनी दख्खनी मुसलमानांच्या चालीरीतींवर ‘कानून-ए-इस्लाम’ लिहिलं, डॉ. हर्क्लॉट्स यांनी त्याचं इंग्रजी करून १८३२ साली लंडनमध्ये छापलं. त्यात फकिरांच्या जातकुळ्या सांगताना रिफाई म्हणजेच गुर्जमार फकिरांची नोंद आहे. गुर्ज म्हणजे टोकदार लोखंडी हत्यार, वर साखळ्या लावलेलं. ते आपटून, अंगात खुपसून हे लोक दुकानापुढे उभे राहत आणि दुकानदार पैसा देई. म्हणजे इबादत होती, खेळ होता आणि पोटही होतं. तिन्ही वेगळं करून पाहता येत नाही आणि बाहेरून आलेला माणूस नेमकं तेच करू पाहतो.

आणि बाहेरून आलेल्या माणसाच्या हातात लवकरच कॅमेरा आला. मुंबईत १८५४ सालीच फोटोग्राफिक सोसायटी निघाली, तिच्यात डॉ. भाऊ दाजी लाडांसारखी आपल्याकडची मंडळीही होती. पण १८६८ ते १८७५ या काळात ‘द पीपल ऑफ इंडिया’ नावाचे आठ खंड सरकारने छापले, त्यात या देशातली माणसं नमुन्यासारखी मांडली. फोटो, त्याखाली जात किंवा जमात, आणि स्वभाव कसा तेही. विश्वासू, भांडखोर, आळशी. नाव बहुतेकांना नाही. देवळालीच्या माणसाने तर यावर बोलायलाच हवं. आमच्या गावाचं नाव इंग्रजी कोशात आहे, वेडा या अर्थाने. मायदेशी जाणाऱ्या जहाजाची वाट पाहत गोरे शिपाई इथल्या छावणीत महिनोन्‌महिने पडून असत, त्यांची डोकी फिरत, त्याला ते ‘डूलॅली टॅप’ म्हणू लागले. डूलॅली म्हणजे देवळाली, टॅप म्हणजे आपला ताप. डोकी त्यांची फिरली, नाव आमच्या गावाचं लागलं. फकीर या शब्दाचंही तेच झालं. त्यांना आमच्यात फक्र दिसला नाही, खिळ्यांचा पलंग दिसला.

आम्ही मुलाच्या घरी गेलो. एक खोली, पुढे पत्र्याचा ओटा. वडील दिवसा भंगार गोळा करतात, उर्सांच्या दिवसांत डफ आणि गुर्ज घेऊन निघतात. दरवर्षी अजमेरला जाणाऱ्या छडीच्या जुलूसात त्यांचे वडील दिल्लीजवळच्या मेहरौलीपासून पायी चालत, असं त्यांनी सांगितलं. मुलाच्या शाळेचा विषय आम्ही काढला तर म्हणाले, "आयेगा सर, कल से आयेगा. मैं समझा देता." मग जरा थांबून मराठीत म्हणाले, "सर, एक काम होतं. तुमच्याकडे कम्पुटर असेल ना?"

काम असं होतं. त्यांचे वडील वारून बरीच वर्षं झाली. घरात त्यांचा एकही फोटो नाही. मतदान ओळखपत्र होतं ते पावसात गेलं. पण अजमेरला एका गोऱ्या फोटोवाल्याने त्यांचा फोटो काढला होता, गालातून सळई काढलेली, बाजूला हा मुलगा म्हणजे आजचे वडील उभे. गोऱ्याने पन्नास रुपये दिले आणि पाठवतो म्हणून पत्ता लिहून घेतला. "फोटू लेके गया वो सर. भेजा नहीं." तो फोटो कुठेतरी असेलच, कम्पुटरमध्ये सापडेल का?

आम्ही शाळेची बाजू मांडायला गेलो होतो, हे काम घेऊन परतलो.

भाच्याने दोन रविवार शोधलं. अजमेर, उर्स, फकीर असे शब्द टाकले की शेकडो फोटो समोर येतात. परदेशी एजन्स्यांचे, विकत मिळणारे, प्रत्येकावर आडवा शिक्का. आम्ही एकेक पाहत गेलो. गालातून सळई, जिभेतून सळई, खोबणीतून बुबुळ बाहेर काढलेला एक. खाली इंग्रजीत एकाच साच्यातली ओळ, की एक मुस्लिम भाविक अजमेरच्या उर्सात भक्तीचं प्रदर्शन करतो आहे. एकालाही नाव नाही, गाव नाही. फोटो काढणाऱ्याचं नाव मात्र प्रत्येकाखाली. कोणता माणूस आपला हे ओळखायचं कसं? फकीर मुसाफरचा एकही फोटो बिननावाचा सापडणार नाही. त्याने स्वतःचं नाव स्वतः निवडलं, फोटो स्वतः काढले, छापायचे कोणते तेही स्वतः ठरवलं. २००२ साली त्याच्या फोटोंचं पुस्तक निघालं तेव्हा फोटोतला माणूसही तोच आणि फोटोवालाही तोच. त्याने जिथून नाव उचललं त्या फकिराचा नातू इकडे आजोबांचा एक फोटो शोधत होता. मुसाफरने आमचं काही चोरलं असं आम्ही म्हणत नाही. ज्यांचं सूर्यनृत्य त्याने उचललं त्या लाकोटा लोकांनी मात्र १९९३ साली जाहीर निवेदन काढून, आमच्या विधींचा बाजार मांडणाऱ्यांविरुद्ध आम्ही उभे राहू, असं बजावलं. आमच्याकडून असं निवेदन काढायचं कोणी? आमच्या बिरादरीत रिफाईला आपलं म्हणायलाच कुणी तयार नाही.

शोध चालू असताना भाच्याने आम्हाला दयानिता सिंग यांची हकिकत सांगितली. ती ऐकून आम्हाला फोटोवाल्यांविषयी जरा बरं वाटलं. १९८९ साली लंडनच्या एका वर्तमानपत्रासाठी त्या दिल्लीत हिजड्यांचे फोटो काढायला गेल्या. मोना अहमद नावाच्या हिजड्याने त्यांना घरात घेतलं, फोटो काढू दिले. मग मोनाला कळलं की हे फोटो लंडनमध्ये छापून येणार, आणि मोनाचे काही नातेवाईक विलायतेत होते. मोनाने रोल परत मागितला. दयानिता सिंग यांनी तो काढून दिला. हातातलं काम गेलं. पण त्यानंतर त्या मोनाकडे येतच राहिल्या, आणि २००१ साली ‘मायसेल्फ मोना अहमद’ हे पुस्तक निघालं, त्यात मोनाने प्रकाशकाला पाठवलेली पत्रं आहेत, मोनाच्या शब्दांत. मोना शेवटी दिल्लीतल्या एका कब्रस्तानात राहत असे आणि २०१७ साली वारली. शरीर बदलून घेतलेल्या, घरच्यांनी टाकलेल्या मुसलमान माणसाची गोष्ट एवढ्या मायेने सांगितलेली आम्हाला दुसरी ठाऊक नाही. आमच्या उर्दू रिसाल्यांतही नाही.

रोल परत देता येतो, हे आमच्या लक्षात राहिलं.

मुलगा पुन्हा शाळेत येऊ लागला होता. फळ्यावरच्या प्रकरणावर आम्ही वर्गात भाषण दिलं नाही. सातवीच्या पोरांना भाषणाने काय होतं ते कोणत्याही शिक्षकाला विचारा. ‘कानून-ए-इस्लाम’मधला फकिरांचा भाग सोप्या उर्दूत करून त्यांना इमल्याला घातला. रिफाई, मदारी, जलाली, कलंदर असे सगळे सिलसिले लिहून घेतले. एका पोराने विचारलं, "सर, मग हे सगळे आपलेच का?" आम्ही म्हटलं, पुढचं वाक्य लिहा.

जुना फोटो काही सापडला नाही. भाचा म्हणाला, मामू, तो फिल्मचा जमाना, कुणाच्या तरी पेटीत निगेटिव्ह पडून असेल. मुलाच्या वडिलांना हे सांगायला आम्ही दोघे मिळून गेलो. त्यांनी मान हलवली, चहा पाजला. भाच्याने मग विचारलं, चाचा, तुमचा काढू का? जसा सांगाल तसा.

आम्हाला वाटलं होतं ते गुर्ज काढतील. काढला नाही. आत जाऊन त्यांनी धुतलेला कुर्ता घातला, हिरवा फेटा बांधला, डफ घेतला आणि ओट्यावर बसले. मुलाला बाजूला उभं केलं. त्याने शाळेचा गणवेश काढू का विचारलं तर म्हणाले, राहू दे. भाच्याने चार-पाचच फोटो काढले आणि कॅमेऱ्याच्या मागच्या पडद्यावर ते त्यांना दाखवले. एक त्यांनी पुसायला लावला, त्यात डोळे मिटले होते. सळईचा काढायचा का, असं भाच्याने शेवटी भीतभीत विचारलं, त्याच्या डोक्यातून गेटवुड काही गेला नव्हता. ते म्हणाले, "वो उर्स में. वहाँ आ जाओ, वहाँ निकालो. घर में वो नहीं करते."

कॅम्पातल्या स्टुडिओत प्रती काढल्या. मागे भाच्याने पेनाने दोघांची नावं, गाव आणि तारीख लिहिली, आम्ही खाली तेच उर्दूत लिहिलं. आम्ही फोटो नेऊन दिला तेव्हा त्यांनी तो उजेडाकडे धरून बराच वेळ पाहिला, मागचं लिहिलेलं मुलाकडून मोठ्याने वाचून घेतलं. मग विचारलं, अजून एक मिळेल का, मालेगावला बहिणीला पाठवायचा आहे, पैसे देतो.

भाचा रजबमध्ये अजमेरला जायचं म्हणतो आहे. तिकीट काढण्याआधी त्याने त्यांना फोन करून विचारलं.